हसायचा शॉट

१

माझा चित्रपट पुरा का झाला नाही, असं अजून कोणी ना कोणी विचारतं. निगेटिव्हला बुरशी लागली, असं मी सांगतो. गोव्याची हवा दमट, त्यामुळे लोकांना ते पटतं आणि विषय मिटतो.

त्या चित्रपटाचा निर्माता मीच होतो आणि दिग्दर्शकही मीच. दिग्दर्शकाने मागायचं आणि निर्मात्याने नाही म्हणायचं, हे भांडण इतरांकडे दोन माणसांत होतं. माझ्याकडे ते एकाच शर्टात चालायचं. मूळचा मी पेडण्याचा, पण राहायला डिचोलीत. त्याआधी खाणी, काजू, जत्रा असल्या विषयांवर नऊ छोटे माहितीपट केले होते. कथेचा चित्रपट हा पहिलाच. सत्त्याऐंशीचा मार्च होता. फेब्रुवारीत राजभाषेचा कायदा झाला होता आणि लोक पोदेराकडे पाव घेतानाही भाषेवरून हमरीतुमरीवर येत होते. तुझा सिनेमा कोंकणीत की मराठीत, असं जो तो मला दरडावून विचारी. मी म्हणायचो, दोन्हीत. शूटिंग मुकंच करायचं, नटांची तोंडं हलवून घ्यायची आणि मागाहून एकदा कोंकणी भरायची, एकदा मराठी. मी स्वतःला फार हुशार समजत होतो.

नायिका म्हणजे माझी बायको, विनोदिनी. डिचोलीच्या शाळेत शिक्षिका होती, गावच्या नाटकांत कामं करायची. बावीस दिवस फुकट राबेल अशी दुसरी नटी मला मिळाली नसती, हे एक कारण. दुसरं कारण तिचं हसणं. ती हसायला लागली की आधी आवाजच यायचा नाही. खांदे हलायचे, डोळ्यांत पाणी यायचं, आणि मग एकदम उचकी लागावी तसा तो आवाज फुटायचा. मी तिच्याशी लग्न केलं ते त्या हसण्यापायी, पण हे तिला कधी सांगितलं नाही.

शेवटच्या दिवशी नायिकेच्या मरणाचा शॉट होता. मये गावात तळ्याकाठचं एक घर आम्ही घेतलं होतं. सालात, म्हणजे पुढच्या मोठ्या खोलीत, चटई घातली, जनेलाच्या खिडकीतून तळ्याचा उजेड आत येत होता, आणि चटईवर विनोदिनी निजली. प्रेताचं काम सगळ्यांत कठीण, कारण पोट हलतं. पहिल्या वेळेस हललंच. मी ओरडलो, "मी ऊठ म्हणेपर्यंत उठायचं नाही, श्वाससुद्धा घ्यायचा नाही!" दुसऱ्या वेळेस तिने असा काही श्वास धरला की मलाच कसंतरी झालं. रोल संपेपर्यंत मी शॉट थांबवला नाही.

मग सामान आवरायला लागलो, तर पद्माबाय आडवी आली. पद्मावती ही जुनी, फिरत्या नाटक मंडळीत उभा जन्म काढलेली बाई. प्रेताशेजारी रडायचं काम तिचं होतं.

"ओ सगुणबाब, खंय चल्लास? हसायचो शॉट घेवक नाय तो!"

ही चाल मला माहीत होती. सिनेमात कोणी मेलेलं दाखवलं की लगेच त्या माणसाला उठवून कॅमेऱ्यासमोर हसवायचं आणि तेही टिपायचं. अशुभ निघून जातं म्हणतात. मुंबईतले मोठमोठे लोकही हे पाळतात.

"कॅमेऱ्यासमोर मराण इला, तर हसूय कॅमेऱ्यासमोर येवक व्हया," पद्माबाय म्हणाली आणि हाताला धरून तिनेच विनोदिनीला उठवून बसवलं.

कॅमेरामन गोकुळदास माझ्या कानाशी आला. तो सर्वणचा, एरवी लग्नांचे फोटो काढायचा. "रोल संपलो. एकच नवो आसा. घालू?"

पावणेतीन मिनिटांचा तो शेवटचा रोल होता. एका हसण्यासाठी त्याचं सील फोडायला माझ्यातला निर्माता तयार होईना. मी डोळे मिचकावले आणि हळूच म्हणालो, "तसोच फिरव."

कॅमेरा रिकामा असला तरी घरघर तीच असते. गोकुळदासने डोळा लावला, घरघर सुरू झाली आणि विनोदिनी चटईवर बसून खो खो हसली. ते हसणं बघून सगळं घर हसलं. कॅमेरा रिकामा आहे हे फक्त आम्हा दोघांना माहीत होतं, आणि आम्ही सगळ्यांत मोठ्याने हसत होतो.

२

घरी आलो आणि नेहमीचा दिनक्रम सुरू झाला. विनोदिनी सकाळी शाळेत जायची, साडेबाराला यायची, आम्ही जेवायचो आणि ती तीन वाजेपर्यंत आडवी व्हायची. मी मागच्या खोलीत जनेलाला गोधड्या लावून अंधार केला होता. तिथे प्रोजेक्टर होता, आणि मुंबईच्या लॅबमधून धुऊन आलेले तुकडे मी भिंतीवर बघत बसायचो.

तिची झोप कुशीवरची. गुडघे पोटाशी घेऊन, भिंतीकडे तोंड करून ती झोपायची. आठवड्याभराने एका दुपारी मी पाणी प्यायला उठलो तेव्हा ती उताणी झोपली होती. पाय जुळलेले, हात पोटावर. उकाड्याने झाली असेल उताणी, असं म्हणून मी पाणी प्यालो. परत जाताना सहज लक्ष गेलं तर पोट हलत नव्हतं.

मी दारात उभा राहिलो. भिंतीवरच्या घड्याळाचा काटा पुरा एक फेरा फिरला. मी तिच्याजवळ जाणार इतक्यात तिने डोळे न उघडता विचारलं, "झाला? उठू?"

मी खदखदून हसलो. म्हटलं, बाई अजून भूमिकेतच आहे. "ऊठ गो, ऊठ," मी म्हणालो. ती उठली, चहा केला, वह्या तपासायला बसली. ती मात्र हसली नव्हती, हे मला संध्याकाळी लक्षात आलं.

दुसऱ्या दिवशी तेच झालं, तिसऱ्या दिवशीही. चौथ्या दिवशी मला राग आला. एकच मस्करी किती दिवस करायची? मी मुद्दाम काही बोललो नाही, खोलीत निघून गेलो. चार वाजले तरी स्वयंपाकघरात भांडं वाजलं नाही. येऊन बघतो तर ती तशीच पडलेली.

"उठू?"

"ऊठ," मी म्हणालो. माझा आवाज मला आवडला नाही.

म्हापशाच्या एका डॉक्टरांकडे तिला नेलं. त्यांनी नाडी बघितली, डोळ्यांच्या पापण्या खाली ओढून बघितल्या आणि रक्त कमी आहे म्हणाले. लोहाच्या गोळ्या दिल्या. मला इतकं बरं वाटलं की येताना मी बाजारात तिला आवडतात म्हणून शेवंतीची फुलं घेतली. तिने ती केसांत माळली. "बरी दिसतंस," असं मी म्हणालो आणि हसण्यासारखं काहीबाही बोललो. शूटिंगमध्ये पद्माबायच्या नकली अंबाड्यावर बकरी कशी धावून गेली ती गंमत सांगितली. या गोष्टीवर ती एरवी लोळली असती. तिने माझ्याकडे शांतपणे बघितलं. पुढचं काय करायचं ते मी सांगेन, अशी वाट बघत होती.

३

मरणाच्या शॉटचं रीळ एप्रिलच्या शेवटी आलं. मी प्रोजेक्टरवर लावलं. पहिला टेक वाया गेलेला होता, दुसरा उत्तम. भिंतीवर विनोदिनी मेलेली होती आणि कामाचा माणूस म्हणून मला आनंद झाला, हे खोटं कशाला बोलू.

रोल तिथे संपायला हवा होता. संपला नाही.

चटईवर विनोदिनी उठून बसलेली दिसली. जनेलातला उजेड तोच, साडीची चुणी तीच. बसलेली, तोंड मिटलेलं. ती कॅमेऱ्याकडे बघत नव्हती. कॅमेऱ्याच्या थोडं उजवीकडे, त्या दिवशी मी जिथे उभा होतो तिथे बघत होती. नऊ सेकंद चालला तो तुकडा, मग भिंत पांढरी झाली.

मला हायसं वाटलं. गोकुळदास देवभोळा माणूस, त्याने माझी नजर चुकवून फिल्म घातली असणार. मी स्कूटरला किक मारली आणि सर्वणला त्याच्या घरी गेलो. तो दारापुढच्या बलकांवात बसून कॅमेऱ्याच्या काचा पुसत होता.

"माका सांगल्याशिवाय रोल घातलंस मरे तू," मी म्हणालो. "बरा केलंस."

त्याने आत जाऊन एक डबा आणून माझ्या हातात ठेवला. तोच शेवटचा रोल. सील जसंच्या तसं होतं.

"हसायच्या वेळार कॅमेरो रिकामो होतो, सगुणबाब," तो म्हणाला. "मी उघडून बघलंय. आधी एकदा, मागीर एकदा."

घरी येऊन मी तो तुकडा भिंगाखाली धरला. फिल्मच्या काठावर कंपनीने ओळीने आकडे छापलेले असतात, ते धुतल्यावरही दिसतात. मरणाच्या शॉटला ते होते. पुढच्या नऊ सेकंदांना काठ कोरा होता. लॅबवाल्यांनी दुसरीकडचा तुकडा चुकून जोडला असेल, असं मी स्वतःला समजावलं. दुसरीकडे कुठे माझी बायको मयेच्या घरात चटईवर बसली होती, याचं उत्तर मात्र मला सापडेना. आणि ती हसली होती ना तेव्हा? आम्ही सगळ्यांनी ऐकलं होतं. भिंतीवर तिचं तोंड मिटलेलंच होतं.

मी तो तुकडा परत लावला नाही. पण दुपारी विनोदिनी निजली की मी आता तिच्या उशाशी खुर्ची घेऊन बसायला लागलो. ती "उठू?" म्हणायची आणि मी लगेच "ऊठ" म्हणायचो. शाळेला सुट्टी लागली होती. दोघंच घरात. बाहेरची कामं मी सकाळी उरकायचो, कारण दुपारी माझ्याशिवाय तिला उठता येत नाही हे आता मला कळून चुकलं होतं. आणि दर दुपारी तिचा तो प्रश्न थोडा उशिरा यायचा.

४

तीस मे रोजी गोवा राज्य झालं. पणजीला समारंभ होता आणि एका ओळखीच्या अधिकाऱ्याने मला आग्रहाने बोलावलं. नव्या राज्यात फिल्मचं एखादं खातं निघेल, आपला चेहरा लोकांच्या डोळ्यांसमोर असावा, असा माझा हिशेब. दुपारी बारापर्यंत परत येतो, असं विनोदिनीला बजावून सांगितलं. "तोवर आडवी होव नको," मी म्हणालो. तिने मान हलवली.

मांडवीवरचा पूल आदल्या वर्षीच पडला होता. पणजी सोडायची म्हणजे फेरीबोट, आणि त्या दिवशी बोटीला ही रांग. बेतीला उतरलो तेव्हा दोन वाजले होते. बस सुटेना. लोक खुशीत होते, एकमेकांना मिठ्या मारत होते, एका म्हाताऱ्याने मलाही मिठी मारली. मी त्याच्या खांद्यावरून रस्त्याकडे बघत होतो.

साडेपाचला घरी पोचलो. शेगडीवरचा भात करपून काळा झाला होता आणि गॅस संपून ती विझली होती. विनोदिनी स्वयंपाकघराच्या जमिनीवर उताणी पडली होती. पाय जुळलेले, हात पोटावर. डाव्या हाताजवळ भात ढवळायचा कुलेर पडला होता. मुंग्या रांगेने तिच्या गळ्यावरून चालल्या होत्या आणि तिने त्या झटकल्या नव्हत्या.

मी "ऊठ" म्हणालो. मग ओरडून म्हणालो. मग तिचे खांदे धरून गदागदा हलवत रडत म्हणालो. तिचं अंग गार होतं. किती वेळ गेला मला सांगता येत नाही. शेवटी तिचे डोळे उघडले.

"तुमी उठ म्हणान सांगूक नाय," ती म्हणाली. तक्रार नव्हती. चुकलंय का, असं विचारल्यासारखा सूर होता.

"आता सांगतंय गो. आता सांगतंय."

"माका आयकूक कमी येता," ती म्हणाली.

मी तिच्या गळ्यावरच्या मुंग्या एकेक करून काढल्या. मी घाबरलो होतो, आणि मला माझी लाज वाटत होती. पावणेतीन मिनिटांची फिल्म वाचवली होती मी.

५

दुसऱ्याच दिवशी सकाळी आम्ही मयेला गेलो. मी, विनोदिनी आणि गोकुळदास. तो यायला तयार नव्हता, मी त्याच्या पाया पडलो तेव्हा आला. घर बंद होतं, किल्ली मागून आणली. सालात तीच चटई घातली. विनोदिनीला तीच साडी नेसवली होती.

गोकुळदासने सील फोडलं. रोल घातला तो मी माझ्या डोळ्यांनी बघितला. कॅमेरा त्याच जागी ठेवला आणि मी त्याच्या उजवीकडे उभा राहिलो.

"विनू, निज," मी म्हणालो. ती निजली. कॅमेऱ्याची घरघर सुरू झाली.

बाहेर तळ्यावर कोणीतरी कपडे आपटत होतं, तो आवाज येत होता. मी दहापर्यंत मोजलं.

"ऊठ. विनू, ऊठ आणि हस."

ती उठली. ताडकन उठून बसली आणि हसली. मोठ्याने, तोंड उघडून, डोक्यामागे हात घेऊन हसली. दोन महिन्यांत ऐकलेलं ते पहिलं हसणं, मला रडू फुटलं. मी तिच्याकडे धावणार होतो, पण शॉट चालू होता, म्हणून थांबलो. ती हसतच होती.

गोकुळदासचा डोळा कॅमेऱ्याला लागलेला होता. तो हळूच म्हणाला, "वयनीक उठूक सांगा मरे."

"उठली ना! हसतासा ना ती!"

त्याने डोळा काढला आणि चटईवर बसून हसणाऱ्या विनोदिनीकडे बघितलं. मग परत डोळा लावला. परत काढला. त्याचा हात कॅमेऱ्यावरून निसटला, पण कॅमेरा चालूच राहिला आणि रोल संपून रिकामी घरघर होईपर्यंत आम्ही दोघे तसेच उभे होतो. त्याने रोल काढून डब्यात घातला, डबा माझ्याकडे दिला आणि कॅमेरा तिथेच टाकून तो चालत सर्वणला निघून गेला. त्यानंतर गोकुळदास माझ्या घरी कधी आला नाही. रस्त्यात भेटला तर मला बोलायचा, विनोदिनी बरोबर असली तर दुसऱ्या बाजूने जायचा.

६

विनोदिनी बरी झाली. शाळा सुरू झाली तेव्हा मुख्याध्यापिका म्हणाल्या, बाईंचा चेहरा किती उजळला. ती पोटभर जेवायची, दुपारी झोपायचीच नाही. आणि हसायची. रेडिओवर काही ऐकून हसायची, शेजारणीशी बोलताना हसायची, एकटीच भाजी चिरताना हसायची. आता हसताना आवाज आधी यायचा. खांदे हलायचे नाहीत. मी ते बघितलं आणि बघितलं नाही असं केलं. मला माझी बायको परत मिळाली होती, आणि मिळालेल्या माणसात खोट कोण काढत बसतो?

जूनच्या मध्यावर रोल धुऊन आला. चार दिवस मी डबा उघडला नाही. पाचव्या दिवशी, जेवणाआधी, जनेलाला गोधड्या लावल्या आणि प्रोजेक्टर सुरू केला. आधी एप्रिलचा तो नऊ सेकंदांचा तुकडा लावून बघितला. चटई होती, जनेलाचा उजेड होता. चटईवर कोणी नव्हतं.

मग नवा रोल लावला.

चटईवर विनोदिनी निजलेली होती. पाय जुळलेले, हात पोटावर. मी वाट बघितली. ज्या क्षणी मी "ऊठ" म्हणालो होतो तो क्षण आला असेल आणि गेला असेल. ती निजलेलीच होती. एक मिनिट झालं, दोन झाली. स्वयंपाकघरात ती हसत होती, फोडणीचा वास येत होता. रोल संपायला थोडा वेळ उरला असताना भिंतीवरच्या विनोदिनीचं डोकं हललं. फार कष्टाने, थोडं थोडं करून, ते माझ्या बाजूला वळलं. तिच्या गळ्यावर बारीक काळे ठिपके होते. मला ते धुळीचे वाटले, आणि मग ते ओळीने पुढे सरकले.

तिचे ओठ हलले. शूटिंग मुकंच होतं. ती काय विचारत होती ते मला माहीत होतं.

मी खुर्चीवरून उठलो. भिंतीपाशी गेलो, इतक्या जवळ की माझी सावली तिच्या पायांवर पडली. तिचे खांदे हलत होते. डोळ्यांत पाणी होतं. ती हसत होती की रडत होती ते मला ओळखता आलं नाही, पण ती माझी बायको होती, याबद्दल मला कसलीही शंका नव्हती.

स्वयंपाकघरातलं हसणं थांबलं.

मागे दार उघडलं. पदराला हात पुसत विनोदिनी उभी होती. तिने भिंतीकडे बघितलं, बराच वेळ बघितलं, मग माझ्याकडे. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. भीती होती, एखाद्या साध्या घरच्या बाईला वाटावी तशी.

"तिका उठूक सांगू नकात," ती म्हणाली.

शब्द माझ्या तोंडात तयार होता. दोनच अक्षरांचा. भिंतीवर ओठ परत हलले. दारातली माझ्याकडे बघून हसली, आवाज आधी आला, आणि तीन महिने एकाच आवाजासाठी तडफडलेल्या मी हात लांब करून प्रोजेक्टरचा दिवा घालवला.

"जेवण वाढतंय," ती म्हणाली.

मी हात धुतले आणि पाटावर जाऊन बसलो.